भांडी घासून झाल्यावर ओपल आरपार दिसायला लागला. खडा खोटा आहे का?

रेवा_नाशिक

नमस्कार मंडळी. इथे बरीच वर्षं वाचनमात्र आहे, आज अडलंय म्हणून धागा काढते.

माझी तूळ रास. गुरुजींनी पत्रिका पाहून शुक्रासाठी ओपल सुचवला. सराफ बाजारात चार दुकानं फिरून घेतला. चांदीची अंगठी, खालून उघडी, म्हणजे खडा बोटाला टेकतो. बिलावर 'नॅचरल ओपल, ५.१० कॅरट' एवढंच लिहिलंय. खडा दुधट, पण हात हलवला की आतून हिरवा-केशरी पेटायचा. एका कडेला अगदी बारीक लाल ठिपका होता. तो ठिपका बघूनच मी हा खडा निवडला होता.

गौरी जेवणाच्या दिवशी घरात पंगत होती. सकाळपासून हात पाण्यातच. भाज्या धुवा, पुरणाची पातेली घासा. अंगठी काढायची नाही असं गुरुजींनी सांगितलेलं, म्हणून बोटातच ठेवली. रात्री दिव्याखाली पाहिलं तर खडा आरपार! दुधटपणा गेला, हिरवा-केशरी गेला, लाल ठिपका शोधूनही सापडेना. खड्यातून खालच्या बोटावरच्या रेषा दिसत होत्या.

सासूबाई म्हणतात, तुला खडा लाभत नाही, गणपतीबरोबर नदीत सोडून दे. नवरा म्हणतो, काच माथी मारली. दुकानदाराला फोन केला तर "ओपलच आहे ताई, होतं असं, येईल परत" म्हणाला. का होतं, कधी येईल, काही नाही. जाणकारांनी कृपया सांगावं. खोटा आहे का? खरा असेल तर आता काय करू? तो खडा मला मनापासून आवडतो हो.

सोनारआळी

ताई, घाबरू नका. आमच्या वडिलांच्या वेळी दुकानात ओपल यायचे ते ओल्या कापसात गुंडाळून, डबीत. ओपल कोरडा पडला की तडकतो, असं ते सांगायचे. अंगठी रात्रभर वाटीत पाणी घेऊन त्यात ठेवा. रंग परत येईल.

मृण्मयी_जयपूर

रेवाताई, कृपा करून पाण्यात ठेवू नका. सोनारआळींच्या वडिलांचं म्हणणं त्यांच्या मालापुरतं बरोबर होतं, त्याकडे येते. आधी तुमच्या प्रश्नाचं उत्तर: खडा खोटा नाही. काच पाणी पीत नाही. तुमच्या खड्याने दिवसभर पाणी प्यायलंय, आणि असं करणारा ओपल आज बाजारात मिळतो तो बहुतेक इथियोपियाचा. त्याला हायड्रोफेन म्हणतात. नदीत तर अजिबात सोडू नका.

मी मूळची सांगलीची. लग्न होऊन जयपूरला आले आणि इथे ओपलच्याच खरेदी-पारखीत रमले. इथियोपियाचा कच्चा माल घासायला मोठ्या प्रमाणावर जयपुरात येतो, त्यामुळे तुमच्या बोटातला खडाही इथल्याच एखाद्या गल्लीतून गेला असण्याची शक्यता खूप आहे. हा प्रश्न मला इतक्या वेळा विचारला जातो, आणि इतके चांगले खडे निव्वळ गैरसमजापायी परत येतात किंवा फेकले जातात, की आज सविस्तरच लिहिते.

ओपल म्हणजे सिलिका, वाळूत असतं तेच. पण स्फटिक न झालेलं, आणि पोटात पाणी धरून ठेवलेलं. साधारण तीन ते दहा टक्के पाणी असतं, कधी त्याहूनही जास्त. चांगल्या ओपलमध्ये हे सिलिका अतिशय बारीक गोळ्यांच्या रूपात असतं, सुमारे १५० ते ३०० नॅनोमीटरचे, आणि ते गोळे डब्यात लाडू रचावेत तसे ओळीने, थरावर थर बसलेले असतात. प्रकाश त्या रांगांमधून जाताना फाकतो आणि रंग दिसतात. म्हणजे आत कुठलाही रंग भरलेला नाही, नुसती रचना आहे. १९६४ च्या सुमारास ऑस्ट्रेलियातल्या सीएसआयआरओ या संस्थेत सँडर्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली हे दाखवून दिलं. गोळे लहान असतील तर निळा-जांभळा एवढाच रंग मिळतो. लाल दिसायला गोळे मोठे लागतात आणि तेही एकसारखे. म्हणून आमच्याकडे लाल 'फायर' असलेल्या खड्याचा भाव वेगळाच लागतो. तुमचा तो ठिपका निवडताना तुमची नजर बरोबर गेली होती.

आता पाण्याचं. इथियोपियातल्या वोलो प्रांतातल्या ओपलला सगळीकडे सूक्ष्म छिद्रं असतात, एकमेकांना जोडलेली. कोरड्या खड्यात त्या छिद्रांत हवा असते. सिलिका आणि हवा यांच्यात प्रकाश वाकण्याचा फरक मोठा, म्हणून प्रकाश विखुरतो आणि खडा दुधट दिसतो. छिद्रांत पाणी शिरलं की तो फरक कमी होतो, दुधटपणा जातो, खडा आरपार होतो. रंगांचा खेळही त्या फरकावरच चालतो, तो मंदावतो किंवा पार दिसेनासा होतो. गोळे जागच्या जागी आहेत. काही बिघडलेलं नाही.

इथे रामगंजमध्ये माझा माल घासतात त्या चाचांकडे एकदा बसून बघा. सहाणेवर पाण्याची धार असते, त्यामुळे खडा हातात घेतल्यावर थोड्याच वेळात आरपार होतो आणि लाल थर कुठे आहे ते त्यांनाच दिसत नाही! म्हणून ते कोरडा असतानाच पेन्सिलीने खुणा करतात, थोडं घासतात, मग खडा फडक्यावर ठेवून दुसऱ्या कामाला लागतात. दुसऱ्या दिवशी पुन्हा बघायचं, पुन्हा थोडं घासायचं. इतर खडे काडीला गरम लाखेने चिकटवतात, ओपलला ते गरम लाख लावत नाहीत, थंड गोंद वापरतात. उष्णतेने तडा जातो. एक खडा तयार व्हायला लागणारा तो वेळ कुठल्याच बिलात दिसत नाही, याचं मला नेहमी वाईट वाटतं.

तर तुम्ही काय करायचं: अंगठी काढा, पुसा, सुती फडक्यावर सावलीत ठेवा आणि हात लावू नका. नाशिकला आत्ता हवा दमट आहे, त्यामुळे चार-पाच दिवस लागतील, कदाचित जास्त. खडा आधी धुरकट, अगदी पांढराफटक होईल. मधल्या या टप्प्यावर लोक घाबरतात. तुम्ही घाबरू नका, त्यानंतरच रंग येतो. हेअर ड्रायर नको, ऊन नको, तांदळाच्या डब्यात पुरणं नको, फ्रीजवर ठेवणंही नको. पाणी घाईने बाहेर काढलं तर बाहेरचा थर आधी आकसतो, आतला मागे राहतो, आणि पृष्ठभागावर कोळ्याच्या जाळ्यासारख्या बारीक भेगा पडतात. त्या मात्र परत भरत नाहीत.

आणि एक छान गोष्ट करून बघा. आज वाळायला ठेवण्याआधी जवळच्या सराफाकडे अंगठीचं वजन करून घ्या, मिलिग्रॅम दाखवणाऱ्या काट्यावर. वाळल्यावर पुन्हा करा. पाच कॅरट म्हणजे साधारण एक ग्रॅम. चांगला पिणारा खडा स्वतःच्या वजनाच्या आठ-दहा टक्के पाणी घेतो, म्हणजे ऐंशी-शंभर मिलिग्रॅम. काट्यावर सहज कळेल. काचेत किंवा प्लास्टिकच्या नकलेत एवढा फरक पडणार नाही. घरच्यांना दाखवायला याहून सोपा पुरावा नाही. (याच कारणाने ओला ओपल कधी वजनावर विकत घेऊ नये. कॅरटच्या भावाने पाणी विकत घेतल्यासारखं होतं.)

सोनारआळी, तुमच्या वडिलांच्या दुकानात येत होता तो ऑस्ट्रेलियाचा माल असणार. वोलोचा ओपल २००८ मध्ये सापडला, त्याआधी तो बाजारात नव्हताच. १९९४ च्या सुमारास इथियोपियातल्याच शेवा भागातून तपकिरी गोट्यांमधला ओपल आला होता, पण तो फार तडकायचा. त्यामुळे इथियोपियाच्या नावाला बट्टा लागला तो लागलाच. ऑस्ट्रेलियन ओपल घट्ट असतो, पाण्याने त्याला काही होत नाही, म्हणून ओल्या कापसाचा सल्ला तिथे निभावला. तोच सल्ला वोलोच्या खड्याला लावला तर तो कायम आरपारच राहील.

अ‍ॅडलेडकर

मृण्मयीताई, फार छान लिहिलंत. ऑस्ट्रेलियन बाजू मी सांगतो.

आमच्या इथून उत्तरेला साधारण साडेआठशे किलोमीटरवर कूबर पेडी हे ओपलच्या खाणींचं गाव आहे. गाडीने दिवसभराचा रस्ता, बहुतेक सगळा उजाड. गावाच्या जवळ आलं की दोन्ही बाजूंना मातीचे पांढरट-गुलाबी ढीग सुरू होतात, प्रत्येक ढिगाशेजारी एक उभा खड्डा. 'मागे मागे चालू नका' अशा पाट्या आहेत, कारण फोटो काढताना मागे सरकणारी माणसं खड्ड्यात पडतात. उन्हाळ्यात पारा ४५ च्या पुढे जातो म्हणून अर्धं गाव टेकडीच्या पोटात कोरलेल्या घरांत राहतं, तिथे बाराही महिने पंख्याशिवाय चालतं. चर्चसुद्धा जमिनीखाली.

या ओपलचा शोध १९१५ मध्ये विली हचिसन नावाच्या चौदा वर्षांच्या पोराने लावला. वडिलांबरोबर सोनं शोधायला आलेली टोळी होती. सोनं मिळेना, पाणी संपत आलेलं, पाणी शोधायला गेलेला मुलगा ओपल घेऊन आला. पुढे १९५६ मध्ये इथेच 'ऑलिंपिक ऑस्ट्रेलिस' सापडला, सुमारे १७,००० कॅरटचा, म्हणजे जवळजवळ साडेतीन किलो. त्या वर्षी मेलबर्नला ऑलिंपिक होतं म्हणून ते नाव.

माझ्या बायकोच्या कानांत कूबर पेडीचेच खडे आहेत. पोहायला जाते, अंघोळ करते, रंग तसाच. पण अपवाद इथेही आहे. अँडामुका म्हणून दुसरी खाण आहे, तिथला मॅट्रिक्स ओपल, म्हणजे दगडात मिसळलेला ओपल, सच्छिद्र असतो. तो साखरेच्या पाकात उकळून मग गंधकाम्लात टाकतात. आत गेलेल्या साखरेचा कोळसा होतो, पार्श्वभूमी काळी पडते आणि रंग उठून दिसतात. दुकानदार हे सांगून विकतो तोवर ठीक. खरा काळा ओपल न्यू साउथ वेल्समधल्या लायटनिंग रिजचा, त्याची किंमत वेगळ्याच पातळीवर आहे. तिथे डायनोसॉरांची हाडं, दात आणि शिंपले ओपल होऊन मिळतात! एवढासा शिंपला, आणि त्यात सगळे रंग. ऑस्ट्रेलियात कोणी आलं तर संग्रहालयात जाऊन ते नक्की बघा.

पाषाणप्रेमी

रेवाताई नाशिकच्या आहेत म्हणून थोडं अवांतर. आपल्या दख्खनच्या काळ्या पाषाणातही ओपल मिळतो. लाव्हा थंड होताना वायूचे बुडबुडे अडकले, त्या पोकळ्यांत नंतर सिलिकायुक्त पाणी झिरपलं आणि अकीक, कॅल्सेडनी, झिओलाइटं तयार झाली. त्यांच्याबरोबर साधा ओपलही बसलेला असतो, पांढरा किंवा मेणचट. त्यात गोळ्यांची ओळीत रचना नसते म्हणून रंगांचा खेळ नाही, दागिन्यात त्याला मान नाही. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात या पोकळ्यांतली खनिजं फार सुंदर मांडली आहेत. तुम्हाला अगदी जवळ आहे.

सोनारआळी

मृण्मयीताई, वडिलांच्या सल्ल्यामागचं कारण आज कळलं, आभारी आहे. एक विचारतो. आमच्याकडे एका गिऱ्हाइकाने मोडीत आणलेली अंगठी आहे. काळा ओपल, वरून सुरेख निळा-हिरवा. खडा सोडवला तर कडेला गोल फिरलेली रेष दिसते, अगदी सरळ. हा इथियोपियाचा का ऑस्ट्रेलियाचा? धुऊन बघू का?

मृण्मयी_जयपूर

धुऊ नका! ती सरळ रेष म्हणजे चिकटवलेला जोड आहे. ओपलची पातळ चकती काळ्या दगडावर किंवा काचेवर चिकटवली असेल तर डब्लेट, आणि वरून पारदर्शक क्वार्ट्‌झचा किंवा काचेचा घुमट बसवला असेल तर ट्रिप्लेट. दहापटीचं भिंग घेऊन कडेने बघा. घुमटाचा थर वेगळा दिसला, त्यात रंग नसला, तर ट्रिप्लेट. पाण्यात राहिला की गोंद सुटतो, कडेने आत पांढुरकं धुकं शिरतं आणि मग तो खडा गेलाच. ओपल त्यात खरा आहे, फक्त पापुद्र्याएवढा. गिऱ्हाइकाला तसं स्पष्ट सांगून विकायला काहीच हरकत नाही.

क्वीन्सलंडच्या बोल्डर ओपललाही मागे काळा-तपकिरी दगड असतो, पण तो निसर्गतःच जोडलेला. तिथली सीमा वेडीवाकडी जाते, कुठे ओपल दगडात घुसलेला, कुठे दगड ओपलमध्ये. सरळ रेष निसर्ग सहसा आखत नाही.

आणि काळ्या रंगावरून फसू नका. इथियोपियाचा पांढरा ओपल धुराने काळा करतात, छिद्रं असल्यामुळे काजळी आत बसते. निळा, जांभळा रंगही पाजतात. प्रयोगशाळेत घडवलेला ओपल १९७४ पासून बाजारात आहे, त्यात वरून रंगाचे ठिपके सरड्याच्या खवल्यांसारखे एकसारखे दिसतात आणि कडेने पाहिलं तर उभे खांब. 'ओपलाइट' नावाने रस्त्यावर मिळते ती निळसर चकाकणारी निव्वळ काच असते, तिच्यात वेगवेगळ्या रंगांचे ठिपके नसतातच.

रेवा_नाशिक

मंडळी, कसे आभार मानू! रंग परत आला!!

मृण्मयीताईंनी सांगितलं तसं वजन करून घेतलं. ओली असताना ६.४२ ग्रॅम. मग देवघराच्या कोनाड्यात फडक्यावर ठेवली. तिसऱ्या दिवशी खडूसारखी पांढरी झाली, तुम्ही आधी सांगितलं नसतं तर मी रडलेच असते. मग कडेकडून हिरवा दिसायला लागला, शेवटी मधून. लाल ठिपका सगळ्यात उशिरा आला. वाळल्यावरचं वजन ६.३४ ग्रॅम. ऐंशी मिलिग्रॅम! नवऱ्याने स्वतः काट्यावर बघितलं. सासूबाईंनी खडा हातात घेऊन उजेडात फिरवून पाहिला आणि म्हणाल्या, "असू दे मग, पण आता भांड्यांना हात लावताना काढत जा."

आता दोन शंका. दूध-पाण्याने शुद्धी करून घालायला सांगितलंय, ते चालेल का? आणि रोज काढ-घाल करायची तर अंगठीपेक्षा लोलक बरा का?

मृण्मयी_जयपूर

रेवाताई, खरंच खूप आनंद झाला. ऐंशी मिलिग्रॅम म्हणजे जवळजवळ आठ टक्के, अगदी वोलोच्या खड्यासारखं. हा आकडा बिलाच्या मागे लिहून ठेवा.

श्रद्धेबद्दल मी काही बोलणार नाही, माझ्या आईच्याही बोटात खडा होता. फक्त हायड्रोफेनला दूध नको. पाणी गेलं तसं उडून जातं. दुधातली चरबी, तेल, हळद, कुंकू, अत्तर हे आत गेलं की आतच राहतं. हळदीकुंकवाच्या दिवशी पिवळा पडलेला खडा माझ्याकडे आला आहे, तो मूळ रंगावर आणता आला नाही. विधी करायचाच असेल तर गुरुजींना विचारून फूल आणि अक्षता वाहा, किंवा स्वच्छ पाण्याचा थेंब लावून लगेच पुसा. डोक्याला तेल लावताना, कणीक मळताना, सॅनिटायझर लावताना काढून ठेवा.

लोलक नक्कीच बरा. ओपलचा कठीणपणा साडेपाच ते साडेसहा, म्हणजे ओट्यावरच्या ग्रॅनाइटवर घासला तरी चरा पडू शकतो. हवेतल्या धुळीतही बारीक क्वार्ट्‌झ असतं, त्यानेच अंगठीतला ओपल हळूहळू मंद होतो. अंगठी बोटात असताना खालून उघडी असते, त्यामुळे घाम आणि साबण सरळ खड्याला लागतात. कातडीला स्पर्श हवाच असेल तर लोलकही खालून उघडा करता येतो, गळ्याजवळ पाणी तरी कमी लागतं.

करायला देताना सोनाराला तीन गोष्टी आधी बोलून घ्या. खड्याचं घर, म्हणजे तो ज्यात बसतो ती चौकट, पूर्ण तयार झाल्यावर, सगळे डाग देऊन (सांधे जोडून), पॉलिश करून मगच खडा बसवायचा. खडा आत असताना आच लावायची नाही. आणि काम झाल्यावर अल्ट्रासॉनिक मशिनमध्ये किंवा वाफेवर साफ करायचं नाही, मऊ फडक्याने पुसायचं. कडेने पूर्ण कोंदण घ्यायला सांगा, नुसत्या चार नखांवर धरलेला ओपल कडेला टवका उडून येतो. कोंदणाची पट्टी दाबताना लाल ठिपक्याच्या कडेला बेताने दाबायला सांगा, तो कडेलाच आहे ना. पट्टी जाड घेतली तर तो खाली झाकला जाईल, म्हणून बसवण्याआधी एकदा खडा घरात ठेवून, ठिपका दिसतोय ना हे स्वतः बघा. आणि त्याच फेरीत दुकानदाराकडून बिलावर 'इथियोपियन, हायड्रोफेन' असं लिहून घ्या, कसली प्रक्रिया केली असेल तर तीही. चांगला दुकानदार नाही म्हणणार नाही.